अंगणात टॅरंटुला हॉक आली आहे. मारू, हाकलू की बघत बसू?

निवडुंगवाली | सोमवार, २१:४०

आम्ही टूसॉनला राहायला येऊन दीड वर्ष झालं. विंचू बघून झाले, एकदा रॅटलस्नेक बघून झाला, हावेलीनांचा (रानडुकरासारखा प्राणी) कळप दोनदा कुंड्या फस्त करून गेला. म्हटलं, आता ॲरिझोनाकडे दाखवायला नवीन काही उरलं नसेल. पण नाही.

शनिवारी संध्याकाळी मागच्या अंगणात झाडांना पाणी घालत होते. भिंतीलगतच्या खडीवर काहीतरी सरकताना दिसलं. वाटलं, वाऱ्याने वाळलेलं पान हलतंय. पण वारा नव्हता. जवळ जाऊन बघते तर उताणा पडलेला टॅरंटुला, म्हणजे तो मोठा केसाळ कोळी, पाय पोटाशी मुडपलेले, आणि त्याला उलट्या पावली ओढत नेणारी एक गांधीलमाशी. माझ्या करंगळीएवढी. अंग निळंकाळं, मोराच्या मानेसारखं चकाकणारं, पंख विटकरी. थोडं अंतर ओढायची, सोडून द्यायची, पुढे पळत जाऊन भिंतीच्या कोपऱ्यातलं एक भोक तपासून यायची, मग पुन्हा येऊन एक पाय धरून ओढायची. पंख सारखे झटकत होती. मी पाइप हातात धरून पाऊण तास तिथेच उभी. पाणी एकाच कुंडीत.

शेवटी कोळी भोकात गेला, मागोमाग ती गेली, आणि बऱ्याच वेळाने बाहेर येऊन माती लोटून भोक बुजवायला लागली.

नवऱ्याला दाखवलं तर त्याने लगेच फोनवर शोधलं, टॅरंटुला हॉक, जगातल्या सर्वांत वेदनादायी दंशांपैकी एक. घरात सहा वर्षांची मुलगी आहे, कुत्रा आहे. नवरा म्हणतो, उद्याच फवारणीवाल्याला बोलवू. मला का कोण जाणे नको वाटतंय. ज्यांनी हे प्रकरण जवळून पाहिलंय त्यांनी सांगा, खरंच इतकी धोकादायक असते का? आणि त्या भोकात आता काय चाललं असेल?

टवाळ | सोमवार, २१:५२

पाऊण तास एकाच कुंडीत पाणी? कुंडीतल्या झाडासाठी वेगळा श्रद्धांजलीचा धागा काढा.

सोनोरन_सदू | सोमवार, २२:३०

निवडुंगवाली ताई, फवारणीवाल्याला बोलावू नका. कारण सांगतो. जरा लांबेल.

मी या वाळवंटात एकवीस वर्षं आहे आणि या बाईला दर उन्हाळ्यात भेटतो. पहिली गोष्ट, ही एकांडी असते. पोळं नाही, राणी नाही, कामकरी नाहीत, राखायला घर नाही. आपल्या डोक्यातली गांधीलमाशी म्हणजे आग्या मोहोळाची मावसबहीण, दगड लागला की अख्खी फौज मागे लागणारी. हिची फौजच नाही. तुम्ही पाऊण तास तिच्यापासून हातभर अंतरावर उभ्या होतात, तिने ढुंकून पाहिलं का तुमच्याकडे?

दुसरी गोष्ट, तिचं काम झालं आणि ती गेली. भोक बुजवल्यावर ती तिथे पहारा देत नाही. फवारा मारून तुम्ही मारणार कोणाला?

आता भोकात काय चाललंय ते. कोळी मेलेला नाही, लुळा झालाय. खालच्या बाजूला पायांच्या मुळाशी कवच नसतं, मऊ कातडी असते, नेमकी तिथे नांगी घुसवते. काही सेकंदांत कोळी आडवा. हृदय चालू, बाकी सगळं बंद. मग त्याच्या पोटावर एकच अंडं घालते. तीन-चार दिवसांत अळी निघते, कोळ्याच्या अंगाला भोक पाडून आतलं शोषायला लागते आणि बराच काळ हृदय आणि मज्जासंस्था टाळून खाते. म्हणजे माल शेवटपर्यंत ताजा. सगळं संपलं की कोश विणते आणि बहुधा पुढच्या उन्हाळ्यात बाहेर येते.

यांच्या दोन प्रजाती-समूहांना हे नाव आहे, पेप्सिस आणि हेमिपेप्सिस. पेप्सिस फक्त अमेरिका खंडांत, म्हणजे इथल्या नैर्ऋत्येच्या राज्यांपासून मेक्सिको आणि पार अर्जेंटिनापर्यंत. हेमिपेप्सिस आफ्रिका, आशिया, ऑस्ट्रेलियातही आहेत. जिथे टॅरंटुला बिळं करून राहतात तिथे या असणारच. सोनोरन, मोहावी, चिवावन ही वाळवंटं तर त्यांचं माहेरच. भर दुपारच्या उन्हात त्याही सावली धरतात. सकाळ आणि तुम्ही पाहिलीत ती संध्याकाळ, ही त्यांची वेळ.

प्रश्नांकिता | सोमवार, २२:४१

रोचक! पण सदूभाऊ, लहान मूल आणि कुत्रा यांचं काय? मूल कुतूहलाने हात लावणारच. आणि कुत्र्याला तर माशी दिसली की तोंडात धरायचीच असते.

सोनोरन_सदू | सोमवार, २२:५८

मुलीला एकदाच जवळ बसवून दाखवा आणि "लांबून बघायचं" हे सांगा. अनवाणी खडीवर जाऊ देऊ नका, ते तर विंचवासाठीही लागू आहे. कुत्रा एकदा धरेल. दुसऱ्यांदा धरणार नाही.

गंमत बाजूला, मधमाशी चावली तरी ज्यांचं अंग सुजतं, श्वास अडकतो, त्यांनी कुठल्याच माशीशी प्रयोग करू नये. तसं काही झालं तर थेट ९११.

झणझणीत | मंगळवार, ०७:१५

अनुभवी माणूस हजर आहे. मला ती चावली आहे.

दोन वर्षांपूर्वी, ऑक्टोबर. घरामागे डेझर्ट ब्रूमचं झुडूप माजलं होतं, पांढऱ्या फुलांनी लगडलेलं. छाटायला कात्री घेऊन गेलो. फुलांवर या सात-आठ जणी चरत होत्या, ते मला दिसलं नाही, कारण मी कानात गाणी घालून गेलो होतो. फांदी धरली आणि अंगठा आणि पहिलं बोट यांच्यामधल्या मऊ भागात बसली.

काय सांगू. जळणं नव्हे, ठणकणं नव्हे. विजेच्या तारेला हात लागल्यावर जो झटका बसतो ना, तो बसतो आणि सुटतच नाही. झटका चालूच. हात माझा आहे हे कळत होतं पण त्याला काही सांगता येत नव्हतं. मी ओरडलो. किती ओरडलो ते मला माहीत नाही, पण बायकोने आतून विचारलं, "गावी फोन लावलाय का?" कारण मी गावी फोन लावला की असाच ओरडतो.

आणि मग, पाचेक मिनिटांत, संपलं. खरंच संपलं. एखाद्याने बटण बंद करावं तसं. मी खडीवर बसलेलो, घामाने भिजलेला, आणि हाताला फक्त एक लाल ठिपका. सूजही नावापुरती. दुपारी त्याच हाताने जेवलो. कात्री संध्याकाळी सापडली, शेजाऱ्याच्या आवारात.

टवाळ | मंगळवार, ०७:२०

हहपुवा (हसून हसून पुरेवाट). शेजाऱ्याने कात्री परत करताना काय विचारलं?

झणझणीत | मंगळवार, ०७:२४

काही नाही. तेव्हापासून तो मला जरा आदराने बोलतो.

सोनोरन_सदू | मंगळवार, ०८:०२

झणझणीत यांनी अगदी बरोबर सांगितलं. दंशांच्या वेदनेची मोजपट्टी तयार करणारे जस्टिन श्मिट तुमच्याच टूसॉनचे, ताई. २०२३ मध्ये गेले. माणसाने आयुष्यभर कीटक चावून घेतले आणि प्रत्येक दंशाला गुण दिले. मधमाशीला २, टॅरंटुला हॉकला ४. चारच्या वर पट्टी संपते. २०१५ मध्ये त्यांना याच कामासाठी इग नोबेल मिळालं, म्हणजे आधी हसवणारं आणि मग विचार करायला लावणारं जे पारितोषिक असतं ते.

त्यांचा सल्ला होता की ही चावली तर सरळ जमिनीवर आडवं व्हा आणि ओरडा. सैरावैरा धावलात तर निवडुंगात पडाल, दगडावर आपटाल, आणि माशीने केलं नाही ते नुकसान स्वतःच करून घ्याल.

दक्षिण अमेरिकेतली बुलेट मुंगी हिच्याच पंक्तीत बसते, पण तिची कळ दिवसभर पिच्छा सोडत नाही. हिची पाच मिनिटांत जाते.

नकटू | मंगळवार, ०८:१९

मला एक कळत नाही. एवढी कळ आणि नुकसान काहीच नाही? मग विषाचा उपयोग काय?

सोनोरन_सदू | मंगळवार, ०९:१०

नकटू, लाख मोलाचं विचारलंत. मला या सगळ्या प्रकरणात हेच सर्वांत आवडतं.

विष तयार झालंय कोळ्यासाठी. कोळी मरता कामा नये, मेला तर सडेल आणि अळी उपाशी. म्हणजे विष जीव घेणारं नाही, आडवं करणारं हवं. आणि उंदीर, पक्षी, माणूस यांच्यासाठी त्याचा उपयोग एवढाच, की समोरच्याने "मेलो" म्हणून तोंडातलं सोडून द्यावं. मेलेला नसतो तो. नुसती बोंब. पण तेवढ्या वेळात ही उडून जाते आणि समोरचा जन्मभर निळ्या-विटकरी रंगाकडे बघत नाही.

चक्क थाप आहे ही. सावकाराने दारात लाठीवाला उभा करावा आणि लाठी पुठ्ठ्याची असावी, तशी. फक्त थाप पकडायला जी पाच मिनिटं सोसावी लागतात ती सोसायला कोणी तयार नाही. म्हणून तर ही भर उजेडात, उघड्यावर, संथपणे हिंडते. ना लपणं, ना घाई. लांबून ओळख पटावी म्हणून तो रंग, जवळून पटावी म्हणून अंगाला उग्र दर्प. मोठी माशी, मोठी शिकार आणि निवांत आयुष्य, हे तिघं त्या एका नांगीवर उभं आहे.

तरी रोडरनर पक्षी हिला खातो म्हणतात. त्याच्यापर्यंत हा निरोप पोचलेला दिसत नाही.

अष्टपाद | मंगळवार, १२:४५

सगळे माशीचं कौतुक करताय. कोळ्याच्या बाजूने कोणीतरी बोलायला हवं, म्हणून आलो.

मादी टॅरंटुला वीस-वीस वर्षं जगते. एका बिळात. त्या बिळाच्या तोंडाशी दिवसा रेशमाचा पातळ पडदा लावून आत बसते, ना कोणाच्या अध्यात ना मध्यात. ही बया वासावर बीळ शोधते, पडदा फाडते आणि तिला बाहेर काढते. कित्येकदा लुळं करून तिच्याच बिळात परत नेऊन पुरते. स्वतःच्याच घरात गाडलं जाणं म्हणजे काय! नर तर बिचारे उन्हाळ्याच्या शेवटी, पावसाळी हवा संपत आली की मादी शोधत रस्तोरस्ती हिंडतात, ते उघड्यावरच सापडतात. ताईंनी पाहिलेला बहुधा असाच कोणी नवरदेव असावा.

आणि सर्वांत गूढ काय, तर कोळी लढत कसा नाही. येल विद्यापीठात अलेक्झांडर पेट्रुंकेविच नावाचे कोळ्यांचे मोठे अभ्यासक होते. त्यांनी १९५२ मध्ये सायंटिफिक अमेरिकनमध्ये यावर लिहिलं होतं. एरवी केसाला स्पर्श झाला तरी उसळणारा टॅरंटुला, ही माशी अंगाखाली शिरून चाचपते तेव्हा उंच पाय करून उभा राहतो. जणू तिला जागाच करून देतोय. ती जाऊन खड्डा खणते, हा तिथेच. दात एवढे मोठे, विष आहे, वजन माशीच्या कितीतरी पट. तरी.

झणझणीत | मंगळवार, १२:५८

माझ्या हाताला विचारा का लढत नाही ते.

कोरा_कागद | मंगळवार, १४:३०

वाचून अंगावर काटा आला. जिवंतपणी आतून खाल्लं जाणं, आणि तेही महत्त्वाचे अवयव राखून! निसर्ग दयाळू आहे वगैरे म्हणणाऱ्यांनी हे वाचावं. डार्विनचासुद्धा याच माशीमुळे देवावरचा विश्वास उडाला होता ना?

अष्टपाद | मंगळवार, १४:५५

याच माशीमुळे नाही. त्याने १८६० मध्ये एसा ग्रे या अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञाला पत्र लिहिलं, त्यात इक्न्यूमॉन माश्यांचा उल्लेख आहे, ज्या सुरवंटांच्या अंगात अंडी घालतात. मुद्दा तोच, की दयाळू देवाने मुद्दाम असला जीव घडवला असेल हे मला पटत नाही. पण ते कुटुंब वेगळं. आणि विश्वास उडायला एक माशी पुरली नसावी, बरीच कारणं होती.

कोरा_कागद | मंगळवार, १५:०१

दुरुस्तीबद्दल आभार. काटा मात्र तसाच आहे.

जुनं_पान | मंगळवार, १७:४०

थोडं अवांतर, पण अगदीच अवांतर नाही.

आपल्याकडे कीटक-भृंगी न्याय आहे. भिंगुरटी अळीला पकडून आपल्या मातीच्या घरात कोंडते, वरून गुणगुणत राहते. अळीला भीतीने तिचा ध्यास लागतो आणि ध्यासाने अळीच भिंगुरटी होऊन बाहेर येते. संतांनी भक्तीसाठी हा दाखला किती वेळा वापरला, भक्त देवाचा ध्यास घेऊन देवच होतो म्हणून.

आता विचार करा, ज्याने कोणी हे पहिल्यांदा पाहिलं त्याने काय पाहिलं? आत गेली अळी, दार बंद झालं, बाहेर आली माशी. निरीक्षण शंभर टक्के खरं! फक्त मधलं दिसत नव्हतं. वरच्या गुणगुणण्याचा आणि रूपांतराचा संबंध जोडला गेला आणि झाला न्याय तयार. ताईंच्या अंगणातही तेच आहे. आत गेला कोळी, पुढच्या वर्षी निघेल माशी.

अध्यात्म बिघडवायचा हेतू नाही. पण लहानपणी कीर्तनात ऐकलेला तो दाखला आता आठवला की मला अळीची बाजू ऐकावीशी वाटते.

टवाळ | मंगळवार, १७:४६

म्हणजे इतकी वर्षं आपण खाल्ल्या गेलेल्या अळीला मोक्ष मिळाला समजत होतो.

भाबडा_भक्त | मंगळवार, १८:१०

दृष्टान्त हा दृष्टान्त असतो, प्राणिशास्त्राचा धडा नसतो. चंद्रासारखं मुख म्हटलं म्हणजे मुखावर खड्डे आहेत असं नाही. कृपया श्रद्धेची टिंगल नको.

जुनं_पान | मंगळवार, १८:२२

टिंगल नाही हो. उलट मला तर तो पाहणारा माणूस आवडतो. उन्हात बसून भिंतीवरची माशी बघत राहिला, निवडुंगवाली ताईंसारखा.

मुकादम | मंगळवार, २०:०५

एवढं काय त्या माशीचं. मी मागच्या वर्षी लास क्रूसेसला एक हातात पकडली होती, चिमटीत. निळीकाळी, नारिंगी पंख, अगदी तीच. काही झालं नाही. लोक उगाच बाऊ करतात.

अष्टपाद | मंगळवार, २०:१७

मुकादम, दोन प्रश्न. पंख किती होते? आणि मिशा कशा होत्या?

मुकादम | मंगळवार, २०:२५

पंख कोण मोजतं? मिशा आखूड, टोकाला जाड, गदेसारख्या.

अष्टपाद | मंगळवार, २०:३१

मग ती गांधीलमाशी नव्हेच. मायडास माशी. साधी माशी, दोनच पंख, नांगीच नाही. टॅरंटुला हॉकचा रंग आणि चाल उचलून ती तिच्या दहशतीवर फुकट जगते. सदूभाऊ म्हणाले ती थाप, आणि ही त्या थापेची नक्कल. तुम्ही पुठ्ठ्याच्या लाठीचंही चित्र पकडलंत.

अगदी खरी टॅरंटुला हॉक असती तरी नर असता तर वाचला असतात. नांगी फक्त मादीला. मादीच्या मिशा वळलेल्या असतात, नराच्या सरळ. पण हे तपासायला चिमटीत धरू नका.

टवाळ | मंगळवार, २०:३३

मुकादमांचा पराक्रम प्र.का.टा.आ. (प्रतिसाद काढून टाकला आहे)

मुकादम | मंगळवार, २०:४०

असो. पण न्यू मेक्सिकोत राहून तिचा अपमान करणं बरं नव्हे हे मान्य. १९८९ पासून ती आमच्या राज्याचा अधिकृत कीटक आहे. शाळेतल्या पोरांनी निवडला. इतर राज्यांनी मधमाशी, फुलपाखरू, असलं गोडगोड घेतलं. आमच्या पोरांनी ही घेतली.

प्रश्नांकिता | मंगळवार, २०:५२

पोरं हुशार निघाली.

हिरवी_फांदी | बुधवार, ०६:३०

सगळे कोळ्यातच अडकलात, पण मोठ्या माश्या कोळी खातच नाहीत! कोळी फक्त लेकरासाठी. स्वतः फुलांतला मध पितात. माझ्याकडे डेझर्ट मिल्कवीड आहे, त्याच्या फिकट पिवळट फुलांवर मे महिन्यात इतक्या येतात की झाड हलतं. मिल्कवीडचा पराग सुटा नसतो, गठ्ठ्यात असतो, आणि तो गठ्ठा कीटकाच्या पायाला चिमट्यासारखा अडकतो. लहान माश्या तर कधीकधी तिथेच अडकून मरतात. हिचे पाय लांब आणि दणकट, ही झटका देऊन निघते आणि पुढच्या फुलावर पोचवते. मेस्किटची फुलंही आवडती.

आंबलेली फळं, आंबलेला मध प्यायल्यावर तर तोल जाऊन धडपडतात, धड उडता येत नाही.

म्हणून फवारणी नकोच. त्या औषधाला टॅरंटुला हॉक आणि मधमाशी यांतला फरक कळत नाही. आमच्या शेजारी एकांनी कंपनीवाल्याला बोलावलं होतं. त्याने "सगळं साफ करतो" म्हणून फुलं असलेल्या झुडपांवरच मारलं. दुसऱ्या दिवशी पायरीवर मधमाश्यांचा सडा. टॅरंटुला हॉक पुढच्या आठवड्यात परत हजर.

टवाळ | बुधवार, ०६:४४

पिऊन झिंगणारी, जगातली सर्वांत कडक नांगी असलेली आणि राज्याची मानकरी. ही निवडणुकीला उभी राहू शकते.

डोंगरवेडा | बुधवार, ११:२०

नरांबद्दल कोणीच बोललं नाही, म्हणून लिहितो.

वसंतात फिनिक्सच्या आजूबाजूच्या टेकड्या चढलात तर माथ्यावरच्या पालो व्हर्डेच्या झाडाशी थांबा. शेंड्यावर एक काळा नर बसलेला दिसेल. ते झाड त्याचं. अन्न नाही, बीळ नाही, काही नाही, फक्त उंचावरचं झाड. तिथे माद्या येतात एवढंच त्याला ठाऊक. दुसरा नर आला की दोघं गोल गोल गिरक्या घेत आभाळात चढतात, दिसेनासे होतात, मग एक खाली येऊन त्याच फांदीवर बसतो. बहुतेक वेळा आधीचाच.

ॲरिझोना स्टेट विद्यापीठाच्या जॉन अल्कॉक यांनी हेमिपेप्सिस उस्टुलाटाच्या नरांवर खुणेचे ठिपके लावून वर्षानुवर्षं हे पाहिलं. त्यात एक गोष्ट मला फार विलक्षण वाटते. दरवर्षीचे नर मरतात, पुढच्या वर्षी नवे जन्मतात, जुन्यांची त्यांची कधी भेटच नाही. तरी ज्या झाडासाठी मागच्या पिढीने मारामाऱ्या केल्या त्याच झाडासाठी नवी पिढी भांडते. माथ्यावरची चार झाडं तुम्हाआम्हाला सारखीच दिसतात. त्यांना नाही.

टवाळ | बुधवार, ११:२६

आमच्या कॉलेजच्या कट्ट्याचंही असंच होतं. जागा तीच, बॅच नवी, यश जेमतेम.

प्रश्नांकिता | बुधवार, ११:४०

डोंगरवेडा, छान लिहिलंत. एक शंका. ताईंच्या अंगणातल्या भोकातून नर निघेल की मादी, हे आधी कळतं का?

सोनोरन_सदू | बुधवार, १३:१५

अंदाज बांधता येतो! मधमाशीसारखंच हिचंही, फलित अंड्यातून मादी, अफलितातून नर. कोणतं घालायचं ते आई ठरवते, आणि ठरवते शिकारीचा आकार बघून. कोळी मोठा आणि गुबगुबीत असेल तर मुलगी, किरकोळ असेल तर मुलगा. मुलीला पुढे टॅरंटुला ओढायचेत, अंगात ताकद हवी. मुलगा झाडावर बसून राहणार.

हिरवी_फांदी | बुधवार, १३:१९

चला, कुठेतरी मुलीच्या ताटात जास्त वाढतात.

निवडुंगवाली | बुधवार, २२:०५

बाप रे, केवढे प्रतिसाद! सगळ्यांचे मनापासून आभार.

नवऱ्याला झणझणीत यांचा प्रतिसाद वाचून दाखवला, ही चूक झाली. त्याचा भर "विजेच्या तारे"वर गेला आणि "पाच मिनिटांत संपलं" त्याने ऐकलंच नाही. पण हिरवी_फांदी यांची मधमाश्यांची गोष्ट लागू पडली. फवारणी रद्द. तडजोड म्हणून लेकीने आणि मी त्या जागेभोवती पांढऱ्या दगडांचं रिंगण केलंय, म्हणजे कोणाचा पाय पडायला नको. लेकीने पाटी लावली आहे, "आत बाळ झोपलंय". कोळ्याचं काय होतं ते अजून सांगितलेलं नाही.

सदूभाऊ, कोळी माझ्या तळहाताएवढा होता, पण नुसते पायच पाय, पोट लहान.

अष्टपाद | बुधवार, २२:१४

मग नवरदेवच. म्हणजे सदूभाऊंच्या हिशेबाने मुलगा.

भाबडा_भक्त | बुधवार, २२:३०

ताई, पाटी गोड आहे.

निवडुंगवाली | जून, शुक्रवार, ०७:५०

धागा वर काढतेय, कारण चार-पाच जणांनी विचारलं.

हिवाळ्यात बागकामवाल्याने पानं उडवायच्या यंत्राने पानांबरोबर पाटीही उडवली आणि दगडही विखुरले, खडीही इकडची तिकडे झाली. नेमकी जागा कोणती हे आता आम्हा दोघांत वादाचं आहे. काही निघालेलं मी पाहिलं नाही. मागच्या आठवड्यात एक निळीकाळी भिंतीवर बसून पंख झटकत होती, ती आमचीच की पाहुणी, देव जाणे.

मात्र कोपऱ्यापासून हातभर अंतरावर एक नवं भोक आहे. रुपयाच्या नाण्यापेक्षा थोडं मोठं, अगदी गोल. सकाळी त्याच्या तोंडावर पातळ पांढरा पडदा असतो.

अष्टपाद | जून, शुक्रवार, ०८:०२

पडदा! ताई, दिवसा हात लावू नका. अंधार पडल्यावर लाल उजेडाचा टॉर्च घेऊन लांब बसा. जमीन हादरता कामा नये.

निवडुंगवाली | जून, शनिवार, २३:१०

बसलो होतो, दोन तास. दगडांचं रिंगण नवऱ्यानेच पुन्हा लावलंय, या भोकाभोवती. तो म्हणतो दोन पाय दिसले. मला एकच दिसला.